पहिल्या दिवसाची पारख

उबवणीच्या मशीनमधली अंडी फुटायची त्या दिवशी बदकवाल्याला सकाळचा चहासुद्धा गोड लागत नसे. खरं तर धंद्यातला हा सोन्यासारखा दिवस. मशीनचं दार उघडलं की उबदार, ओलसर वास अंगावर यायचा आणि ट्रेमध्ये पिवळ्या पिल्लांचा नुसता गलका. पूर्वी अशा दिवशी तो बायकोला हाका मारमारून घर डोक्यावर घ्यायचा. गेलं वर्षभर मात्र त्याचं अर्धं लक्ष ट्रेमध्ये आणि अर्धं फाटकाकडे असायचं. कारण त्या दिवशी पारखी यायचा.

पारखी म्हणजे पिल्लांतले नर आणि माद्या वेगळ्या काढणारा माणूस. बदक मोठं झालं की हे काम कुणीही करील. मादी गळा काढून सगळी आळी जागी करते, आणि नराचा आवाज घसा बसल्यासारखा घोगरा, जेमतेम कुजबुज. शिवाय नराच्या शेपटीवर एखाददुसरं पीस वर वळलेलं असतं, मिशीला पीळ दिल्यासारखं. पण आवाज फुटायला दीड-दोन महिने जातात आणि ते पीस यायला त्याहून जास्त. तोवर खाणार सगळेच, आणि अंडी घालणार निम्मीच. म्हणून अंड्यांचा धंदा करणारी गिऱ्हाइकं पहिल्याच दिवशी फक्त माद्या मागतात. आणि पहिल्या दिवशी सगळी पिल्लं एका साच्यातून काढल्यासारखी सारखी.

तिथे पारख्याचा हात लागायचा. पिल्लू डाव्या हातात उलटं धरायचं, शेपूट मागे वाकवायची आणि खालच्या जागी अंगठ्याने हलकेच दाब द्यायचा. आतली गुलाबी कडा कळी उमलल्यासारखी उलगडते. नर असेल तर तिथे तांदळाच्या कणीहून बारीक एक टोक दिसतं. नसेल तर मादी. दिसतं तेही डोळ्यांची पापणी लवेपर्यंत. पारखी पिल्लू उचलायचा, बघायचा, डावीकडच्या नाहीतर उजवीकडच्या खोक्यात सोडायचा, आणि तोंडाने गप्पा चालूच. बदकवाला सुरुवातीला दाराशी उभा राहून हे तोंडात बोट घालून बघत बसायचा.

पारखी पन्नाशी ओलांडलेला, पण गडी देखणा. दाट, पांढऱ्या-काळ्या मिशा, इस्त्रीचा शर्ट, आणि हसला की समोरच्याला वाटावं, हा खास आपल्यासाठीच हसला. बदकवाला स्वतः ठेंगणा, कानापर्यंत टक्कल पडलेला, आणि अंगाला कायम बदकांच्या खाद्याचा वास. पण तेव्हा त्याला त्याचं काही वाटलं नव्हतं. पारख्याने पिल्लं निवडावीत, चहा घ्यावा, मोटरसायकलला किक मारावी आणि जावं. मिशा त्याच्या त्याला लखलाभ.

मग हळूहळू चित्र बदललं.

आधी पारख्याची मोटरसायकल गेली. "विकली दादा, गुडघे दुखतात," म्हणाला आणि बसने यायला लागला. बसचा थांबा वळणापलीकडे. एकदा बायको म्हणाली, "मी जाऊन घेऊन येते त्यांना." बदकवाल्याला ते विचित्र वाटलं. घोड्यासारखा माणूस, वर्षानुवर्षं येतोय, त्याला वाट दाखवायला कशाला पाहिजे? पण तो मशीनचे ट्रे धुण्यात होता, हो म्हणून गेला. पुढच्या खेपेला तिने विचारलंही नाही. चपला घातल्या आणि गेली.

मग ती निवडीच्या खोलीत बसायला लागली. "ट्रे पुढे करायला माणूस लागतं," ती म्हणाली. इतकी वर्षं लागलं नव्हतं. ती खोली म्हणजे अंगणाच्या टोकाला असलेली पत्र्याची लहानशी खोली. एक लांब टेबल, वरून खाली ओढलेला दिवा, दोन बाजूंना खोकी. त्या एवढ्याशा जागेत दोघं शेजारी शेजारी. बदकवाला खाद्याची पोती हलवता हलवता कान टवकारायचा. आतून पिल्लांची चिवचिव, पारख्याचा खालच्या पट्टीतला आवाज आणि मधूनच बायकोचं हसणं.

ते हसणं त्याच्या छातीत काट्यासारखं रुतायचं. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण आपल्या कुठल्या बोलण्यावर ती अशी हसल्याचं त्याला आठवेना. आपण बोलतो तरी काय तिच्याशी? 'खाद्य टाकलंस का,' 'पाणी बदललंस का,' 'वीज गेली वाटतं.' यावर कोण हसणार?

एकदा मनात पाल चुकचुकली की माणसाला जिकडे तिकडे पुरावाच दिसायला लागतो. बायकोला लांब नखांची हौस होती. तिने ती एके दिवशी मुळापर्यंत कापली. "का गं?" त्याने विचारलं. "अशीच. कामात मोडतात," ती म्हणाली. पिल्लं निघायच्या दिवशी ती केस घट्ट बांधायची, हात कोमट पाण्याने धुवायची आणि वर तेलाचा थेंब चोळायची. नवऱ्यासाठी कधी चोळला होता का तेलाचा थेंब? आणि पारखी! तो तिच्याकडे सरळ बघायचाच नाही. मान किंचित वळवून, डोळ्यांच्या कोपऱ्यातून बघायचा. ही तिरकी नजर बदकवाल्याने बरोबर ओळखली. चोराची असते ती.

"काय हो, तुमची मान आखडलीय का?" त्याने एकदा न राहवून टोमणा मारला.

पारखी चमकला. मग हसला. "वय झालं दादा. मान काय, सगळंच आखडतं."

बायकोने खाली बघितलं. बदकवाल्याला तेही दिसलं.

त्यातून अंडेवाली मावशी. ही त्याची सगळ्यात जुनी गिऱ्हाईक. बाजारात बदकांच्या अंड्यांचं दुकान, घरामागे मोठा कळप, आणि जीभ अशी की कात्रीने लाजावं. ती माद्यांचं खोकं न्यायला आली, निवडीच्या खोलीत डोकावली आणि बाहेर येऊन म्हणाली, "पारखी हल्ली खुशीत दिसतो रे. एवढं तर नवरा-बायकोही कुठं बोलतात रे संसारात? तुझ्या बायकोचा हात त्याला लाभला बघ."

ती सहज बोलली की मुद्दाम, कुणास ठाऊक. पण बदकवाल्याच्या अंगाचा तिळपापड झाला. त्या दिवशी मोठ्या नरांना खाद्य टाकताना तो त्यांच्याकडे बघत उभा राहिला. एकेका नरामागे पाच-सहा माद्या निमूट चालत होत्या. कळपात नवा नर सोडला की जुना त्याला मानेला धरून चिखलात दाबतो, हे त्याने कितीदा पाहिलं होतं. आणि प्रत्येक वेळी बादलीभर पाणी ओतून भांडण सोडवलं होतं. आता त्याला पहिल्यांदाच त्या जुन्या नराचं म्हणणं पटलं.

पुढची पिल्लं निघाली तेव्हा त्याने ठरवूनच ट्रे न धुता तसेच ठेवले आणि पाऊल न वाजवता निवडीच्या खोलीकडे गेला. दार अर्धवट लोटलेलं होतं. दिव्याखाली दोन डोकी एकमेकांना जवळजवळ टेकली होती. पारख्याचा हात बायकोच्या हातावर होता. तिच्या मुठीत एक पिल्लू होतं आणि तो तिचा अंगठा धरून हळूच सरकवत होता.

"एवढं जोरात नाही, वहिनी. हलक्या हाताने. ते आपण होऊन उघडलं पाहिजे. आता सांगा, काय दिसतं?"

"काही नाही."

"म्हणजे?"

"मादी!" ती म्हणाली आणि दोघं हसली.

त्या शब्दांत वावगं काय होतं, हे बदकवाल्याला त्या क्षणी कुणी विचारलं असतं तर सांगता आलं नसतं. त्याला फक्त हातावरचा हात दिसत होता. त्याने दार ढकललं. पत्र्यावर आपटून मोठा आवाज झाला, ट्रेमधली पिल्लं दचकून एका कोपऱ्यात गोळा झाली.

"तू बाहेर जा," तो बायकोला म्हणाला.

"अहो, पण अजून दोन ट्रे..."

"बाहेर जा म्हटलं ना."

ती गेली. पारखी उठून उभा राहिला. बदकवाला त्याच्या खांद्याएवढा. वर मान करून भांडावं लागणार, याचाही त्याला राग आला.

"यापुढे तुम्ही येऊ नका," तो म्हणाला. "आमचं आम्ही बघू."

पारख्याने टेबलाची कड धरली. मान वळवून त्या तिरक्या नजरेने बघत राहिला. मग म्हणाला, "दादा, माझं काही चुकलं का? मागच्या खेपांत चुकीची पिल्लं गेली का?"

"पिल्लं बरोबर होती."

"मग?"

"मग काही नाही. नका येऊ."

"वहिनींना विचारलंत का?"

हा प्रश्न म्हणजे आगीत तेल. माझ्या घरात, माझ्या धंद्यात, माझ्या बायकोला विचारून मी ठरवायचं? आणि तेही याने सांगायचं? "माझ्या बायकोचं नाव तोंडातून काढू नका," तो ओरडला. पारख्याने मान खाली घातली. शर्टाच्या बाह्या खाली केल्या, टेबलाची कड चाचपत दारापर्यंत आला आणि अंगणात उतरताना त्याचा पाय पाण्याच्या टबाला अडखळला. बायको धावली. बदकवाल्याने तिचा दंड धरला.

"जाऊ दे त्याला. रस्ता माहीत आहे."

ती ओरडली असती, रडली असती, तर त्याला बरं वाटलं असतं. भांडण झालं असतं, खरंखोटं बाहेर पडलं असतं. पण तिने नुसती फाटकाकडे मान वळवली. पारखी फाटकाच्या खांबाला धरून बाहेर पडला, वळणाआड गेला, तोवर ती बघत राहिली. मग म्हणाली, "आता पिल्लं कोण निवडणार?"

"मी."

"बरं," ती म्हणाली. "तुम्ही निवडा."

त्या 'बरं'ने त्याला कितीतरी दिवस पोखरलं. ती रोजची कामं करत होती, जेवायला वाढत होती, विचारलं तेवढंच बोलत होती. एकदा ती बसच्या थांब्याच्या बाजूला जाताना दिसली, म्हणून तो खाद्याचं पोतं तसंच टाकून लपतछपत मागे गेला. ती किराणा दुकानातून साबण घेऊन परत आली. त्याला आडोशाला उभं पाहून थांबली. "काही हवंय का दुकानातून?" तिने विचारलं. तो म्हणाला, "काडेपेटी." घरात काडेपेट्यांचा अख्खा पुडा होता. तिने तो नुकताच आणलेला होता, आणि ते दोघांनाही माहीत होतं. ती परत गेली आणि काडेपेटी घेऊन आली.

पिल्लं निघाली. बदकवाला ताठ मानेने टेबलाशी बसला. इतक्यांदा पाहिलं होतं, त्यात काय एवढं? पहिलं पिल्लू त्याने उलटं धरलं तर ते मुठीतून निसटून टेबलावर पडलं. दुसऱ्याने शर्टावर पिचकारी मारली. तिसऱ्याची शेपूट वाकवून दाबलं, डोळे फाडफाडून बघितलं. गुलाबी, ओलं, सुरकुतलेलं काहीतरी दिसलं. टोक होतं की सुरकुती होती? त्याने पुन्हा दाबलं. पिल्लू केविलवाणं ओरडलं. 'मादी,' त्याने ठरवलं आणि उजवीकडे टाकलं. चौथंही तसंच दिसलं. पाचवंही. सगळ्याच माद्या कशा असतील, म्हणून सहावं त्याने डावीकडे टाकलं.

मान वर केली तर बायको दारात उभी होती. केस घट्ट बांधलेले, बाह्या वर केलेल्या.

"काय बघतेस?"

"काही नाही."

"मग जा ना."

ती गेली नाही. चौकटीला टेकून उभीच राहिली. तो निवडत राहिला, घाम पुसत राहिला. पाठीवर तिची नजर जाणवत होती. हिला माझी फजिती बघायचीय, त्याला वाटलं. मनातल्या मनात ही पारख्याशी माझी तुलना करत असणार. त्याचा हात कसा फिरायचा आणि माझा कसा. त्या विचाराने त्याचा अंगठा आणखी जड झाला.

"अहो," ती शेवटी म्हणाली, "हलक्या हाताने."

"त्याचे शब्द या घरात नकोत!" तो कडाडला.

ती निघून गेली. त्या ट्रेमधली काही पिल्लं संध्याकाळपर्यंत मेली. बाकीच्यांतून माद्यांचं खोकं भरलं. दुसऱ्या दिवशी अंडेवाली मावशी आली आणि खोकं घेऊन गेली. जाताना म्हणाली, "पारखी दिसला नाही?" तो म्हणाला, "त्याची गरज नाही आता." मावशीने त्याच्याकडे बघितलं, मग बायकोकडे बघितलं, आणि नवल म्हणजे काहीच बोलली नाही.

यानंतरचे दिवस बदकवाल्याला सुखाचे जायला हवे होते. पारखी नव्हता, हसणं नव्हतं, पत्र्याची खोली बंद होती. पण मत्सराला खायला नसलं तरी तो मरत नाही, उलट वखवखतो. बायको खिडकीशी उभी राहिली की त्याला वाटायचं, वाट बघतेय. झोपेत कूस बदलली तरी वाटायचं, आठवण येतेय. विहिरीवर पाणी काढताना ती एकदा गुणगुणली आणि त्याला पाहून थांबली. तेवढ्यावरून तो दिवसभर उपाशी राहिला. वर 'जेवत का नाही' असं तिने दुसऱ्यांदा विचारलं नाही, याचाही त्याला राग आला.

दीड-दोन महिन्यांनी एका सकाळी फाटकासमोर छोटा टेम्पो थांबला. मावशी उतरली, मागचं फळकूट खाली पाडलं आणि कुणाला काही कळायच्या आत जाळीचं दार उघडलं. तरणीताठी बदकं धडाधड अंगणात उतरली.

"ऐक!" मावशी म्हणाली. "ऐक यांचं गाणं!"

बदकवाल्याने ऐकलं. काही माद्या कडाकडा ओरडत होत्या. पण त्यांच्या जोडीला तेवढीच बदकं चोच उघडून नुसती घोगरं कुजबुजत होती.

"निम्मे नर!" मावशी कमरेवर हात ठेवून म्हणाली. "दोन महिने ओंजळी भरभरून खाऊ घातलं मेल्यांना. रोज सकाळी टोपली घेऊन गेले की माझ्या कानात गुपित सांगितल्यासारखे कुजबुजतात. मी काय यांची गुपितं विकू बाजारात?"

"मावशी, हात बसायला थोडा वेळ लागतो..."

"मग माझ्या पिल्लांवर कशाला बसवलास? पारखी कुठाय तुझा?"

"त्याला मी काढला."

"तू काढलास?" मावशीने डोळे बारीक केले. "म्हणजे तुलाही कळलं तर. मला वाटलं, तुला ठाऊक नाही. बाकीच्या उबवणीवाल्यांनी त्याला गेल्या वर्षीच काढला. तू एकटा ठेवून होतास, म्हणून मला नवल वाटायचं."

"काय कळलं?"

"डोळ्यांचं."

"कसले डोळे?"

मावशीने कमरेवरचे हात खाली घेतले. मग तिचा आवाज उतरला. "अरे, त्याच्या डोळ्यांच्या मधोमध डाग पडलाय. चष्म्याने जाण्यातला नाही. समोरचं बघायला गेला की तेवढंच नाहीसं होतं, कडेचं तेवढं दिसतं. सुईत दोरा ओवता येत नाही त्याला. पिल्लाची ती कणी कुठली दिसायला?"

अंगणात बदकांचा गोंधळ चालला होता. बदकवाला तिथेच पाण्याच्या टबाच्या कडेवर बसला. तिरकी नजर. बसच्या थांब्यावर घ्यायला जाणं. दाराची, टेबलाची, खांबाची चाचपणी. एकेक गोष्ट त्याच्या डोळ्यांसमोरून गेली. मग त्याला प्रश्न पडला, आणि तो त्याने मोठ्यानेच विचारला.

"पण गेलं वर्षभर माझी खोकी तर बिनचूक जात होती. निवडत कोण होतं?"

बायको ओसरीवर उभी होती. ती कधी आली होती, त्याला कळलं नव्हतं.

"मी," ती म्हणाली.

मावशीने एकदा तिच्याकडे आणि एकदा त्याच्याकडे पाहिलं. "काखेत कळसा आणि गावाला वळसा," ती पुटपुटली, आणि आयुष्यात पहिल्यांदाच शहाणपणा करून टेम्पोवाल्याशी बोलायला फाटकाबाहेर गेली.

"मला का नाही सांगितलंस?" बदकवाल्याने विचारलं.

"त्यांनी हात जोडले होते. म्हणाले, एवढं एकच काम उरलंय, हेही गेलं तर घरी बसून भिंती बघायच्या. मी खोकी भरताना त्यांची चूक धरली होती. त्यांनी कबूल केलं आणि म्हणाले, वहिनी, माझी बोटं आहेत, तुमचे डोळे द्या, मी सगळं शिकवतो. मी ठरवलं, माझा हात बसला की तुम्हाला सांगायचं. वर्षभर ते उघडून धरायचे, मी बघून सांगायचे. तुम्ही दार ढकललंत त्या दिवशी मी पहिल्यांदा अख्खा ट्रे एकटीने निवडला होता. कुठंही अडलं नव्हतं. तेच सांगायला येणार होते. तर तुम्हीच आलात."

"मग मी बसलो होतो तेव्हा? तू नुसती दारात उभी राहून बघत होतीस!"

"बाह्या वर करून उभी होते. तुम्ही 'ये' म्हणायची वाट बघत." ती पायरी उतरून खाली आली. "आता मी विचारते. तुम्ही त्यांना काढलंत ते डोळ्यांमुळे नाही. ते तर तुम्हाला आत्ता कळलं. मग कशामुळे काढलंत?"

त्याने नजर खाली वळवली. एक कोवळा नर त्याच्या चपलेचा पट्टा चोचीने ओढत होता.

"तेच ना?" ती म्हणाली.

तो तरीही बोलला नाही, म्हणजे बोललाच. तिचा चेहरा आधी लाल झाला, मग पांढरा पडला. "इतकी वर्षं," ती म्हणाली, "इतकी वर्षं एका घरात राहून तुम्हाला माझ्याबद्दल एवढंच कळलं?" आणि ती आत गेली. दार तिने आपटलं नाही. आपटलं असतं तर बरं, असं त्याला पुन्हा वाटलं.

मावशीला दुसऱ्या खोक्याचं वचन देऊन, नर परत घेऊन, तिची बोलणी खाऊन तो त्याच दुपारी पारख्याच्या घरी गेला. बस बदलावी लागली. पारखी दारात खुर्ची टाकून बसला होता. इस्त्रीचा शर्ट तसाच, मिशा तशाच. पावलं ऐकून त्याने मान वळवली.

"कोण?"

"बदकवाला."

"या दादा." तो उठायला लागला. बदकवाल्याने त्याला खांद्याला धरून बसवलं आणि उभ्या उभ्याच, वाटेत घोकत आणलेलं सगळं विसरून, म्हणाला, "माझं चुकलं. मला वाटलं होतं... म्हणजे मला असं वाटलं होतं की..."

"मला ठाऊक आहे तुम्हाला काय वाटलं," पारखी म्हणाला. "डोळे गेलेत, कान नाही. तुमच्या आवाजावरूनच कळलं होतं."

"मग त्याच वेळी सांगितलं का नाहीत?"

पारखी हसला. तेच ते हसणं, समोरच्यासाठी खास. "खरं सांगू? रस्ताभर वाईट वाटलं. अपमान झाला म्हणून रागही आला. पण बसमध्ये बसल्यावर म्हटलं, अरे, या वयात, या डोळ्यांनी, कुणीतरी आपल्यावर जळतंय! घरी येऊन आरशासमोर उभा राहिलो. आरशात चेहऱ्याच्या जागी नुसता डाग. तरी मिशीला पीळ दिला."

बदकवाला हसला नाही. त्याला त्या माणसाचा पुन्हा हेवा वाटला. आपल्याला कधी असं बोलता येणार?

"परत या," तो म्हणाला.

"येऊन काय करू? वहिनींना आता माझी गरज नाही. त्यांचा हात माझ्यापेक्षा हलका आहे." पारखी खुर्चीत पुढे सरकला. "पण त्यांची तयारी असेल तर एक सुचवतो. मला काढून टाकलेल्या उबवण्यांना अजून धड पारखी मिळालेला नाही. त्यांची माणसं मी ओळखतो. वहिनींना घेऊन जाईन, ओळख करून देईन. त्या निवडतील, मी शेजारी बसेन. अडलंच कुठं तर सांगायला."

बदकवाल्याने मनात हिशेब केला. म्हणजे दोघं. बसने. दिवसदिवसभर. आणि आपण इथे बदकांना खाद्य टाकत. 'नको,' असं जिभेवर आलं होतं. ते गिळून तो म्हणाला, "तिला विचारतो."

घरी येऊन त्याने तिला खरंच विचारलं. ती त्याच्याशी बोलत नव्हती, पण एवढं ऐकून तिने हातातलं काम थांबवलं. "तुम्हाला चालेल?" ती म्हणाली.

"नाही चालणार," तो म्हणाला. "पण तू जा."

तिने पदराला हात पुसले. "जाईन," ती म्हणाली.

पहिल्या दिवशी तो तिला थांब्यापर्यंत सोडायला गेला. पारखी आधीच्या बसने येऊन तिथे उभा होता. रस्ता ओलांडून पलीकडची बस धरायची होती. गाड्या सुसाट जात होत्या. बायकोने सहज पारख्याचं कोपर धरलं आणि त्याला पलीकडे नेलं. का धरलं, ते बदकवाल्याला नीट माहीत होतं. माहीत असूनही तो जळलाच. बस दिसेनाशी झाली तरी तो तिथेच उभा होता.

तो दिवस काही केल्या सरेना. त्याने दोनदा अंगण झाडलं. मावशीकडून परत आलेल्या नरांना शिव्या घातल्या. ती संध्याकाळी आली ती दमलेली, पण चेहरा उजळलेला. पाय धुऊन ओसरीवर बसली आणि कितीतरी दिवसांनी आपण होऊन बोलायला लागली. तिथलं मशीन केवढं मोठं, पिल्लं किती, मालकाने आधी नाक मुरडलं, मग तिने निवडलेली पिल्लं उलटसुलट करून दुसऱ्या माणसाकडून तपासून घेतली, आणि शेवटी स्वतः उठून चहाचा कप तिच्या हातात दिला.

"म्हणाला, असा हात मी आजवर पाहिला नाही," ती म्हणाली.

"कोण म्हणाला?"

"मालक."

"किती वयाचा आहे?"

तिने वळून त्याच्याकडे पाहिलं. त्याने नजर चुकवली नाही. "माझा स्वभाव जायचा नाही," तो म्हणाला. "आता त्या मालकावरही जळतोय मी. तुला आधीच सांगून ठेवतो, मागाहून दार ढकलून आत येण्यापेक्षा."

ती हसली. अगदी पत्र्याच्या खोलीतून ऐकू यायचं तसं नाही. थोडं दमलेलं, थोडं अजून रागावलेलं. पण त्याच्या बोलण्यावर हसली.

"त्याला टक्कल आहे," ती म्हणाली. "तुमच्यापेक्षा जास्त. आता उठा आणि मला चहा करून द्या. त्याने दिला, तुम्हाला काय झालं?"

बदकवाला उठला. आधण ठेवलं, दूध शोधलं, आणि त्या अनोळखी मालकाच्या चहात साखर किती असेल याचा विचार करत त्याने तिच्या कपात दोन चमचे जास्तच घातली.